ह्वांग जांग-ली : हाँगकाँगच्या पडद्यावरची कोरियन लाथ

'स्नेक इन द ईगल्स शॅडो' आणि 'ड्रंकन मास्टर' या 1978 सालच्या दोन चित्रपटांनी जॅकी चॅन यांना लोकप्रियतेच्या शिखरावर नेले. दोन्ही चित्रपटांत शेवटच्या झुंजीपर्यंत नायकाला भारी पडणारा खलनायक एकच होता आणि तो चिनी नव्हता, तर कोरियन तायक्वांदोपटू ह्वांग जांग-ली हा होता, याचा उल्लेख मात्र क्वचितच होतो.

ह्वांग यांचा जन्म 1944 मध्ये जपानमधील ओसाका शहरात एका कोरियन कुटुंबात झाला. तेव्हा कोरिया जपानच्या अमलाखाली होता. पुढे हे कुटुंब मायदेशी परतले आणि किशोरवयातच ह्वांग तायक्वांदोकडे वळले. दक्षिण कोरियाच्या सैन्यात त्या काळी या विद्येला मोठे स्थान होते. व्हिएतनाम युद्धाच्या काळात ह्वांग सैनिकांना तायक्वांदो शिकवीत असत. पडद्यावर त्यांची लाथ नाटकी वाटत नाही, याचे मूळ बहुधा या तालमीत असावे.

हाँगकाँगच्या निर्मात्यांची कोरियन कसबींवर नजर आधीपासूनच होती. हपकिडो या कोरियन युद्धकलेचे ह्वांग इन-शिक 1972 मध्येच ब्रूस ली यांच्यासमोर उभे राहिले होते. दक्षिण चीनच्या पारंपरिक शैलींचा भर हातांवर असल्याने उंच, वेगवान लाथा मारणारे कोरियन पडद्यावर वेगळे उठून दिसत. शिवाय चित्रपटांना आवाज मागाहून दिला जाई, त्यामुळे भाषा न येणे ही अडचण उरत नसे.

कोरियन चित्रपटांत कामे करणाऱ्या ह्वांग यांना दिग्दर्शक एन्ग सी-युएन यांनी 1976 च्या 'सीक्रेट रायव्हल्स'मध्ये 'सिल्व्हर फॉक्स'ची भूमिका दिली, आणि तेच नाव पुढे त्यांना कायमचे चिकटले. एक हातांच्या व दुसरा पायांच्या लढाईत तरबेज असे दोन नायक एकत्र येतात, तेव्हा कुठे हा खलनायक हरतो. पुढच्या यशाचा साचा, माझ्या मते, इथेच तयार झाला. ह्वांग एकदा हवेत उडाले की जमिनीवर पाय टेकण्याआधी लागोपाठ लाथा मारीत, आणि तेही तारेच्या आधाराविना. असा माणूस समोर असल्यावर नायकाला नवी विद्या शिकावीच लागते, हे प्रेक्षकांना वेगळे पटवून द्यावे लागत नाही.

दिग्दर्शक युएन वू-पिंग यांनी जॅकी चॅन यांच्या वरील दोन चित्रपटांत नेमके हेच हेरले. पहिल्यात नायक सर्पशैलीला मांजरीच्या पंजाची जोड देतो. दुसऱ्यात 'थंडरलेग' या मारेकऱ्याला हरवण्यासाठी त्याला शिकताना टाळलेला धडा ऐन लढतीत स्वतःच रचावा लागतो. पहिल्या चित्रपटाच्या चित्रीकरणात ह्वांग यांच्या लाथेने चॅन यांचा दात खरोखरच पडला.

नायक म्हणून मात्र ह्वांग यांना असे यश लाभले नाही. 1981 मध्ये 'हिटमॅन इन द हँड ऑफ बुद्धा'चे दिग्दर्शन करून त्यांनी स्वतःच मुख्य भूमिका केली. पण त्याच वर्षी 'गेम ऑफ डेथ 2'मध्ये ते पुन्हा दुसऱ्याच्या, म्हणजे ब्रूस ली यांच्या, नावावर विकल्या जाणाऱ्या चित्रपटाचा भाग झाले. तिथला नायक, ब्रूस ली यांच्याशी साधर्म्य असलेला किम ताय-चुंग, हाही कोरियनच होता. पुढे हाँगकाँगचा प्रेक्षक आधुनिक पोलिसपटांकडे वळला, जुन्या धाटणीचे कुंगफूपट मागे पडले आणि ह्वांग यांच्या वाट्याला दुय्यम भूमिका येऊ लागल्या. अभिनेते-दिग्दर्शक सॅमो हंग यांच्या 1986 च्या 'मिलियनेअर्स एक्सप्रेस'मध्ये ते एका जपानी योद्ध्याच्या वेषात दिसतात.