बोटभर गवताची टेकडी

उतारावर मेंढीचा खूर घसरतो, गवताचा लचका निघतो आणि खालचा पांढरा खडूचा खडक उघडा पडतो. ऑगस्टच्या उन्हात तळहाताएवढी ती जागा चटकन तापते. तिच्या काठाला सुईसारख्या पात्यांचं फेस्क्यू गवत असतं. सिल्व्हर-स्पॉटेड स्किपर या फुलपाखराची मादी तिथं उतरते, पात्याला एक अंडं चिकटवते आणि उडून जाते. अख्खा हिवाळा ते अंडं तसंच राहतं; अळी बाहेर पडते ती वसंतात.

ही टेकडी इंग्लंडमधल्या चिल्टर्न रांगेतली, ॲस्टन रोवंट या राष्ट्रीय राखीव क्षेत्रातली. क्रिटेशियस काळातल्या समुद्राच्या तळाशी सूक्ष्म शैवालांची कवचं साचत गेली, त्यांचाच हा खडू झाला. पाऊस पडला की पाणी सरळ खाली झिरपतं. माती जेमतेम चार बोटं, त्यातलं स्फुरदही (फॉस्फरस) चुन्यात अडकलेलं. अशा उपाशी जमिनीत दांडगं गवत माजत नाही, म्हणून रानटी थाइम, ऑर्किड, जेन्शियन यांना जागा मिळते. चांगल्या खडू-कुरणात एका चौरस मीटरमध्ये वनस्पतींच्या ४० पर्यंत जाती मोजता येतात. आपल्या कासच्या सड्यावरही पातळ मातीच फुलांना सांभाळते.

पण नुसती गरीब माती पुरत नाही, गवत कुणीतरी खावं लागतं. मेंढ्या कमी झाल्यावर ते काम ससे करत होते. १९५३ मध्ये मिक्सोमॅटोसिस हा रोग ब्रिटनमध्ये शिरला आणि दोन-तीन वर्षांत बहुतेक ससे मेले. गवत वाढलं, जमीन सावलीत गेली, गारठली. स्किपर मोजक्या उतारांपुरतं उरलं. चराई परतली, उन्हाळेही तापू लागले, तेव्हा कुठं ते पुन्हा पसरलं. आता मादी थोड्या उंच गवतातही अंडी घालते.

मला इथं सगळ्यात जास्त चटका लावतं ते जुनिपरचं झुडूप. त्याच्या बीला रुजायला उघडी जमीन हवी, म्हणजे चरणारी जनावरं हवीत. पण रुजलेलं कोवळं रोप तीच जनावरं खुडून टाकतात. ससे मेले तेव्हा फुलपाखराची दैना झाली आणि जुनिपरच्या रोपांना मात्र वाढायला सवड मिळाली. दोघांनाही जपायचं, तर मेंढ्या सोडायच्या आणि एकेका रोपाला जाळीचं कुंपण घालायचं.

वर तांबड्या घारी घिरट्या घालत असतात. इंग्लंडमधून नाहीशा झालेल्या या घारींची पिल्लं १९८९ पासून स्पेनहून चिल्टर्नमध्ये आणून सोडली. त्यांच्या खाली, टेकडी कापून गेलेल्या एम-४० महामार्गावर गाड्या धावत असतात.