कॉलेज फुटबॉलचे पोल आणि टॉप २५ रँकिंग

अमेरिकेत युनिव्हर्सिटीच्या टीम्स जे फुटबॉल खेळतात (आपलं पायाने खेळायचं ते नाही, हेल्मेट आणि पॅड घालून खेळतात ते) त्यात सीझनभर दर आठवड्याला मतदान होतं आणि त्या मतांवरून देशातल्या सगळ्यात भारी २५ टीम्सची यादी निघते, या मतदानाला पोल म्हणतात. यादीत कोण कितवं आहे यावर कोणाला मोठी मॅच मिळणार, कोचची नोकरी टिकणार का, असं बरंच काही ठरत आलंय, आणि कित्येक वर्षं तर नॅशनल चॅम्पियन कोण हेसुद्धा फक्त या पोलनेच ठरायचं.

हे आपल्याला विचित्र वाटतं कारण आपल्याकडे रणजी ट्रॉफीत ग्रुप असतात, मग क्वार्टर फायनल, सेमी फायनल, फायनल, जो शेवटी जिंकला तो चॅम्पियन, मत मागायचा प्रश्नच नाही. कॉलेज फुटबॉलच्या सगळ्यात वरच्या डिव्हिजनमध्ये मात्र १३० च्या वर टीम्स आहेत आणि प्रत्येक टीम रेग्युलर सीझनमध्ये साधारण १२ मॅच खेळते, त्यातल्याही बहुतेक आपापल्या कॉन्फरन्समध्ये, म्हणजे आपल्या गटातल्या टीम्सशीच. या खेळात एवढी मारामारी होते की आठवड्याला एकापेक्षा जास्त मॅच खेळताच येत नाही. त्यामुळे टेक्सासची एक टीम आणि ओहायोची एक टीम दोघी एकही मॅच न हरता सीझन संपवू शकतात आणि एकमेकींसमोर कधी येतच नाहीत. मग दोघींतली चांगली कोण हे कोणीतरी बसून ठरवायला लागतं, आणि पोलचा जन्म यातूनच झाला. एनसीएए ही कॉलेज खेळांची मुख्य संस्था बाकी बहुतेक खेळांत स्वतः चॅम्पियनशिप भरवते पण या डिव्हिजनच्या फुटबॉलला तिने स्वतःचा अधिकृत चॅम्पियन आजपर्यंत दिलेला नाही.

सुरुवात

सगळ्यात पहिल्यांदा गाजली ती फ्रँक डिकिन्सन यांची पद्धत. हे इलिनॉय युनिव्हर्सिटीत इकॉनॉमिक्सचे प्रोफेसर होते, त्यांनी १९२० च्या दशकात एक गणित बसवलं होतं, चांगल्या टीमला हरवलं की जास्त पॉइंट आणि कमजोर टीमला हरवलं की कमी, आणि १९२६ पासून त्यावरून चॅम्पियन जाहीर व्हायला लागला. पण लोकांच्या तोंडी बसला तो असोसिएटेड प्रेस या न्यूज एजन्सीचा पोल, सगळे त्याला एपी पोल म्हणतात. एजन्सीचे स्पोर्ट्स एडिटर अ‍ॅलन गूल्ड यांनी १९३५ मध्ये स्वतःच्याच अंदाजाने यादी काढली आणि मिनेसोटा, प्रिन्स्टन आणि सदर्न मेथॉडिस्ट या तिघींना बरोबरीत पहिलं ठरवलं, मिनेसोटाच्या फॅन्सना ही वाटणी अजिबात पटली नाही. पुढच्याच वर्षी, १९३६ मध्ये, एकट्याचं मत घेण्याऐवजी देशभरच्या स्पोर्ट्स रायटर्सची मतं घ्यायला सुरुवात झाली. दोन शनिवारांच्या मधल्या दिवसांत लोकांनी फुटबॉलवर बोलत राहावं, वाद घालावा हाच हेतू होता असं गूल्ड यांनी नंतर स्वतःच सांगितलं होतं. पहिली चॅम्पियन मिनेसोटाच झाली, आणि तीसुद्धा त्या सीझनला नॉर्थवेस्टर्नकडून हरलेली असताना.

१९५० मध्ये युनायटेड प्रेस या दुसऱ्या एजन्सीने (हीच पुढे यूपीआय झाली) कोच लोकांचा पोल सुरू केला. म्हणजे एका बाजूला मॅच बघून लिहिणारे आणि दुसऱ्या बाजूला मॅच खेळवणारे. दोन्ही पोल आजही चालू आहेत, कोचेस पोल आता यूएसए टुडे या पेपरच्या नावाने निघतो.

मतं कशी मोजतात

मोजायची पद्धत सोपी आहे. एपीचे साठेक मतदार असतात, पेपर, टीव्ही, रेडिओवाले, वेगवेगळ्या राज्यांतून निवडलेले. प्रत्येकजण आपल्या मनाने १ ते २५ अशी यादी करतो, पहिल्या टीमला २५ पॉइंट, दुसरीला २४, असं करत पंचविसाव्या टीमला १ पॉइंट, मग सगळ्यांचे पॉइंट एकत्र करायचे. समजा ६२ मतदार आहेत आणि सगळ्यांनी एकाच टीमला पहिलं ठेवलं तर तिचे १५५० पॉइंट होतात. ज्यांना थोडे पॉइंट मिळाले पण २५ मध्ये जागा नाही मिळाली त्यांची नावं खाली वेगळी छापतात, आणि छोट्या कॉलेजांचे फॅन्स ती ओळसुद्धा डोळ्यात तेल घालून वाचतात. आधी यादी २० ची होती, १९६० च्या दशकात काही वर्षं फक्त १० ची होती, १९८९ पासून २५ ची आहे.

मॅच बहुतेक शनिवारी असतात, यादी रविवारी दुपारी येते. पूर्वेकडच्या राज्यात राहणाऱ्या मतदाराला पश्चिम किनाऱ्यावरची मॅच बघायची तर मध्यरात्र उलटून जाते, त्यामुळे पश्चिमेकडच्या टीम्सची कायमची तक्रार असते की आम्हाला कोणी नीट बघतच नाही. कोचची अडचण अजून वेगळी, शनिवारी तो स्वतःच्या मॅचमध्ये अडकलेला, बाकीच्या मॅच बघणार कधी, म्हणून बऱ्याच कोचचं मत त्यांच्या ऑफिसातला कोणीतरी भरतो ही गोष्ट कोणी फारशी लपवत नाही. वर प्रत्येक कोच एखाद्या कॉन्फरन्समधलाच असतो, म्हणजे ज्यांच्याबद्दल मत द्यायचं त्यांच्यातलाच तो एक. एपीच्या मतदारांच्या याद्या नावासकट लोकांना बघायला मिळतात, कोच मंडळींची फक्त शेवटची यादी उघड होते आणि तीही २००५ पासून.

पण पोल समजून घ्यायचा तर खरी गोष्ट ही आहे की तो प्रत्येक आठवड्याला कोऱ्या कागदावरून सुरू होत नाही. १९५० पासून एपी सीझन सुरू व्हायच्या आधीच एक यादी काढते, एकही मॅच झालेली नसताना, गेल्या वर्षीचा खेळ, कॉलेजचं नाव, कोणते खेळाडू परत आलेत एवढ्यावरच. मग मतदार काय करतो, मागच्या रविवारची यादी समोर ठेवतो, जिंकली तिला तिथेच ठेवतो, हरली तिला पाच-सात जागा खाली ढकलतो आणि मधली जागा भरून काढतो. म्हणजे ऑगस्टमध्ये जी टीम तिसऱ्या नंबरवर होती ती जिंकत राहिली तर तिला कोणालाच ओलांडावं लागत नाही, आणि जी यादीत नव्हतीच ती तेवढ्याच मॅच जिंकून नोव्हेंबरपर्यंत कशीबशी दहाव्या नंबरला पोचते. त्यातूनच हरायचं तर लवकर हरा असं म्हणतात, सप्टेंबरमधली हार लोक विसरतात, नोव्हेंबरमधली नाही विसरत. ऑगस्टची यादी किती चुकते याला उदाहरणं भरपूर आहेत, २०१२ मध्ये सदर्न कॅलिफोर्निया पहिल्या नंबरवरून सुरू झाली आणि ७ विजय ६ पराभव घेऊन यादीच्या बाहेर संपली, २०२४ मध्ये फ्लोरिडा स्टेट दहाव्या नंबरवर होती आणि पूर्ण सीझनमध्ये फक्त २ मॅच जिंकली.

दोन पोल, दोन चॅम्पियन

सीझन संपल्यावर नववर्षाच्या आसपास बाऊल गेम होतात, रोझ बाऊल, शुगर बाऊल, ऑरेंज बाऊल वगैरे, या जुन्या मानाच्या मॅच. गंमत अशी होती की शेवटचं मतदान बरीच वर्षं या मॅचच्या आधीच उरकायचे. १९६५ ला एपीने पहिल्यांदा बाऊल झाल्यावर मत घेतलं आणि नेमके त्याच वर्षी वरचे तिघेही बाऊलमध्ये हरले, चौथ्या नंबरची अलाबामा चॅम्पियन झाली. तरी १९६६ ला परत जुनीच पद्धत. त्या वर्षी पहिल्या नंबरची नोत्र दाम आणि दुसऱ्या नंबरची मिशिगन स्टेट यांची मॅच १०-१० अशी बरोबरीत सुटली, शेवटी नोत्र दामने जिंकायचा प्रयत्न न करता वेळ काढला, आणि तरी पहिला नंबर नोत्र दामलाच मिळाला, एकही मॅच न हरलेली आणि बरोबरीतही न अडकलेली अलाबामा तिसरी राहिली. अलाबामाच्या टीममध्ये तेव्हा एकही कृष्णवर्णीय खेळाडू नव्हता आणि नागरी हक्कांच्या चळवळीचा तो काळ होता, मतदारांच्या मनावर त्याचा परिणाम झाला असं आजही बरेच जण मानतात. १९६८ पासून एपी कायम बाऊलनंतर मत घेते. यूपीआय मात्र तसंच चालू ठेवत होती, १९७३ ला कोच लोकांनी अलाबामाला चॅम्पियन करून टाकलं आणि मग अलाबामा शुगर बाऊलमध्ये नोत्र दामकडून २४-२३ ने हरली, तेव्हा कुठे १९७४ पासून त्यांनीही नियम बदलला.

१९९० साली कोलोराडोने मिझुरीला ३३-३१ ने हरवलं ते पंचांच्या चुकीमुळे मिळालेल्या जास्तीच्या पाचव्या डाउनवर (डाउन म्हणजे बॉल पुढे न्यायचा एक प्रयत्न), नियमाप्रमाणे चारच मिळतात. एपीने कोलोराडोला पहिलं केलं, कोच लोकांनी जॉर्जिया टेकला, ८४७ पॉइंट विरुद्ध ८४६, एका पॉइंटने. पुढच्या वर्षी मायामी आणि वॉशिंग्टन, १९९७ ला मिशिगन आणि नेब्रास्का, परत दोन चॅम्पियन. १९९७ चं तर अजून भांडण चालतं, मिशिगन दोन्ही पोलमध्ये पुढे होती आणि आपली बाऊलसुद्धा जिंकली, पण नेब्रास्काचे कोच टॉम ऑस्बोर्न रिटायर होत होते, टीमने टेनेसीला ४२-१७ असं धुतलं आणि कोच लोकांची मतं फिरली.

कॉम्प्युटर आला

हे मिटवायला १९९८ मध्ये बीसीएस (बाऊल चॅम्पियनशिप सिरीज) नावाची व्यवस्था आली, दोन्ही पोल आणि काही कॉम्प्युटर रँकिंग यांची सरासरी काढायची आणि पहिल्या दोघींची फायनल लावायची. २००३ ला ओक्लाहोमा आपल्या कॉन्फरन्सची फायनल ३५-७ अशी हरली तरी कॉम्प्युटरने तिला वरच ठेवलं, आणि दोन्ही पोलमध्ये पहिली असलेली सदर्न कॅलिफोर्निया फायनलच्या बाहेर. फायनलला एलएसयूने (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी) ओक्लाहोमाला हरवलं, कोच लोकांना करारानुसार फायनल जिंकणाऱ्यालाच पहिलं मत देणं भाग होतं (तरी तिघांनी दिलं नाही), आणि एपीने सरळ सदर्न कॅलिफोर्नियाला चॅम्पियन केलं. २००४ ला ऑबर्न सगळ्या मॅच जिंकूनही बाहेर राहिली, आणि त्या सीझनच्या शेवटी एपीने आमचा पोल तुमच्या हिशोबात वापरू नका असं कळवून टाकलं. मला ते पटतं. बातमी देणाऱ्यानेच बातमी घडवायची, आणि तीसुद्धा करोडो डॉलर ज्यावर अवलंबून आहेत अशी, हे त्या रायटर्सनाही जड जात होतं.

कमिटी

२०१४ पासून प्लेऑफ आहे, आधी ४ टीम्सचा, २०२४ च्या सीझनपासून १२ टीम्सचा. टीम्स निवडते १३ जणांची कमिटी, माजी कोच, कॉलेजांचे स्पोर्ट्स डायरेक्टर वगैरे, ती टेक्सासमधल्या ग्रेपव्हाइन इथे एका हॉटेलात जमते आणि ऑक्टोबरच्या शेवटापासून किंवा नोव्हेंबरपासून दर मंगळवारी आपली यादी टीव्हीवर सांगते. आपल्या कॉलेजची चर्चा आली की त्या मेंबरला बाहेर जावं लागतं. ही कमिटी दर आठवड्याला कोऱ्या पाटीवरून यादी करते असं सांगितलं जातं, त्यामुळे इथे जिंकूनही खाली जाता येतं. २०१४ ला टेक्सास ख्रिश्चन तिसऱ्या नंबरवर होती, शेवटची मॅच ५५-३ ने जिंकली आणि सहावी झाली. तिच्या जागी ओहायो स्टेट आत आली, तिचे दोन क्वार्टरबॅक (बॉल हातात घेऊन टीमचा हल्ला चालवणारा मुख्य खेळाडू) जखमी होते, तिसरा खेळत होता, आणि त्यानेच चॅम्पियनशिप जिंकून दिली.

हे लक्षात ठेवून २०२३ बघा. फ्लोरिडा स्टेटने १३ पैकी १३ मॅच जिंकल्या, कॉन्फरन्सही जिंकली, पण क्वार्टरबॅक जॉर्डन ट्रॅव्हिसचा पाय मोडला होता आणि त्याच्याशिवाय ही टीम तशी राहिलेली नाही असं म्हणत कमिटीने तिला पाचवं ठेवलं, एक मॅच हरलेली अलाबामा आठव्यावरून चौथी झाली. मोठ्या कॉन्फरन्सची अपराजित चॅम्पियन टीम प्लेऑफच्या बाहेर राहायची ही पहिलीच वेळ. पुढे बऱ्याच खेळाडूंनी माघार घेतल्यावर फ्लोरिडा स्टेट ऑरेंज बाऊलमध्ये जॉर्जियाकडून ६३-३ अशी हरली, आणि बघा कमिटी बरोबरच होती असं काही लोक म्हणतात. माझ्या मते नव्हती. तेरा मॅच जिंकलेल्या पोरांना, तुम्ही चौदावी जिंकणार नाही असं आमचं मत आहे म्हणून मैदानावर उतरूच द्यायचं नाही, मग त्या तेरा मॅच खेळवल्या कशाला.

१२ टीम्स झाल्यावर भांडण चौथ्या जागेवरून खाली सरकलं एवढंच. २०२५ ला मायामी आणि नोत्र दाम दोघी १० विजय २ पराभवांवर होत्या, मायामीने सीझनच्या पहिल्याच मॅचमध्ये नोत्र दामला २७-२४ ने हरवलेलं होतं, तरी कमिटी कित्येक आठवडे नोत्र दामला वर ठेवत होती, आणि अगदी शेवटच्या दिवशी क्रम उलटा केला. मायामी आत गेली आणि थेट फायनलपर्यंत पोचली, बाहेर राहिलेल्या नोत्र दामने बाऊल खेळायलाच नकार दिला.

आता पोलचं काम काय

प्लेऑफमध्ये एपी पोल मोजत नाहीत, पण कमिटीची पहिली यादी येईपर्यंत टीव्हीवर टीमच्या नावाशेजारी जो छोटा आकडा दिसतो तो साधारणपणे एपीचाच असतो, आणि खालच्या नंबरच्या टीमने वरच्या नंबरच्या टीमला हरवलं की लोक मैदानात धावत उतरतात तेसुद्धा त्या आकड्यामुळेच. मिशिगन, पर्ड्यू, टेक्सास ए अँड एम, अ‍ॅरिझोना स्टेट अशा ठिकाणी एमएसला गेलेल्या आपल्या मराठी मुलामुलींना हे पहिल्या सेमिस्टरलाच कळतं, शनिवारी रस्ते बंद, सगळं गाव एका रंगाच्या टीशर्टमध्ये, मिशिगनच्या अ‍ॅन आर्बरमधल्या स्टेडियममध्ये तर १ लाख ७ हजारांच्या वर माणसं बसतात.

त्याच स्टेडियममध्ये १ सप्टेंबर २००७ ला पाचव्या नंबरच्या मिशिगनला अ‍ॅपलाचियन स्टेटने ३४-३२ ने हरवलं. ही खालच्या डिव्हिजनची टीम होती आणि तेव्हाच्या नियमाने तिला एपी पोलमध्ये मत देताच येत नव्हतं. त्या आठवड्यात मिशिगन पाचव्यावरून थेट यादीच्या बाहेर गेली, आणि एपीने नियम बदलला, खालच्या डिव्हिजनच्या टीमलाही आता मत देता येतं.