पार्श्वभूमी : ओशीन, मेव्ह, ऑस्कर आणि नावावरची एक रेघ

गोव्यात, वसईत, बांद्र्यात फिओना, जेनिफर, ऑस्कर ही नावं इतकी रुळली आहेत की ती कुठल्या तरी ख्रिस्ती संतांची असावीत, असा आपला समज होतो. तिन्ही नावांचे धागे आयर्लंड, वेल्स आणि स्कॉटलंडच्या दंतकथांकडे जातात. ती आपल्यापर्यंत आली तो रस्ता मात्र फारसा जुना नाही, जेमतेम अडीचशे वर्षांचा आहे.

आधी अर्थांबद्दल थोडं. फिओनाच्या मुळाशी असलेला आयरिश शब्द ‘फिन’ म्हणजे पांढरा, गोरा. याच मुळापासून वेल्श भाषेत ‘ग्वेन’ झालं. आर्थर राजाच्या राणीच्या नावाचा पहिला भाग तोच, आणि त्या राणीच्या नावाचं कॉर्नवॉलकडचं रूप म्हणजे जेनिफर. आयरिश दंतकथांतली, कॉनाख्ट प्रांताची राणी मेव्ह हिच्या नावाचा अर्थ ‘धुंद करणारी’. या शब्दाचं नातं थेट आपल्या ‘मधु’शी आहे. आयरिश देवी ब्रिजिडचं नाव आणि संस्कृत ‘बृहती’ हीसुद्धा अशीच सख्खी भावंडं. दंतकथांतला वीर-कवी ओशीन, त्याच्या नावाचा अर्थ पाडस. त्याची आई सायव्ह हिला एका द्रुइडाने, म्हणजे मंत्रतंत्र जाणणाऱ्या पुरोहिताने, हरिणी करून टाकलं होतं, असं कथा सांगते. ऑस्कर हा ओशीनचा मुलगा. त्याचं नाव ‘हरणांचा मित्र’ या अर्थाचं आयरिश मानायचं की व्हायकिंगांच्या भाषेतून आलेलं, यावर अभ्यासकांचं एकमत नाही. दंतकथेतली नायिका डिअर्ड्रा, तिच्या नावाचा अर्थ ‘शोक’ असं नावांच्या पुस्तकांत सर्रास छापतात, ते पटण्यासारखं नाही. तिची कथा शोकांत आहे आणि तो शोक मागाहून नावाला चिकटला. नावाचा मूळ अर्थ अनिश्चितच आहे.

या नावांना खरी गती मिळाली 1760 नंतर. स्कॉटलंडमधल्या एका तरुण शिक्षकाने, प्राचीन गेलिक काव्याचा अनुवाद म्हणून, ओशीनच्या (त्याच्या लेखी ‘ओसियन’च्या) तोंडी घातलेलं काव्य छापायला सुरुवात केली. त्यातलं अस्सल किती आणि रचलेलं किती, हा वाद लगेच पेटला. युरोप मात्र तोवर वेडा झाला होता. फ्रान्सचा भावी सम्राट या काव्याचा भक्त. त्याच्या एका सेनापतीला 1799 साली मुलगा झाला, त्याचं नाव ऑस्कर ठेवलं गेलं. पुढे हाच मुलगा स्वीडनचा राजा झाला आणि उत्तर युरोपात घरोघरी ऑस्कर दिसू लागले. मालविना हे नाव तर त्या शिक्षकानेच घडवलेलं. डब्लिनमध्ये 1854 साली जन्मलेल्या एका जगप्रसिद्ध नाटककाराच्या नावात ऑस्कर आणि फिंगल (त्या काव्यातला ओसियनचा बाप) दोन्ही आहेत. फिओना मात्र रूढ झालं एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस, एका स्कॉटिश लेखकाने ते टोपणनाव म्हणून घेतल्यावर. तो लेखक पुरुष होता.

युरोपात हे कौतुक चालू असताना आयर्लंडमध्ये ही नावं कागदावरून पुसली जात होती. चर्चच्या आणि सरकारच्या वह्यांत डीरमिडचा जेरेमाया होई, कॉनरचा कॉर्नेलियस, ग्रॉन्याची ग्रेस, सायव्हची सॅली. 1864 पासून प्रत्येक जन्माची सरकारी नोंद सुरू झाली आणि या बदलावर पक्का शिक्का बसला. घरात एका नावाने हाक मारायची आणि वहीत दुसरंच, अशा पिढ्या गेल्या. 1893 मध्ये आयरिश भाषेच्या पुनरुज्जीवनासाठी संघटना उभी राहिली, पाठोपाठ दंतकथांवर नाटकं आली आणि मग मुलींना डिअर्ड्रा, मुलांना ओशीन ही नावं ठेवणं अभिमानाचं झालं. आज ज्यांना आपण ‘प्राचीन आयरिश नावं’ म्हणतो, त्यांतली बरीचशी घरात परत आली ती या लाटेबरोबर.

नावं परतली, पण लिहायची कशी? जुन्या आयरिश लिपीत व्यंजनावर टिंब देऊन उच्चार मऊ करत. टंकलेखन यंत्रावर आणि रोमन छपाईत ते टिंब नव्हतं, म्हणून त्याजागी ‘एच’ आला. परिणामी मेव्हच्या जुन्या वळणाच्या स्पेलिंगमध्ये एम, ई, ए, डी, एच, बी, एच अशी सात अक्षरं झाली. 1958 मध्ये सरकारी प्रमाणलेखन आलं, मुकी अक्षरं गळली, पण नावांना सक्ती नव्हती. त्यामुळे एकाच वर्गातल्या तीन मेव्ह आपलं नाव तीन तऱ्हांनी लिहू शकतात.

टिंब गेलं, रेघ राहिली. स्वरावरच्या या तिरक्या रेघेला ‘फादा’ म्हणतात, म्हणजे शब्दशः ‘लांब’. आपल्या दीर्घाचंच काम ती करते. ‘दिन’ आणि ‘दीन’ यांतला फरक ज्याला कळतो, त्याला फादाचं महत्त्व वेगळं सांगायला नको. शॉन या नावावरची रेघ काढली तर उरतो तो ‘म्हातारा’ या अर्थाचा विशेषण-शब्द. ओशीनमधला शेवटचा स्वर दीर्घ आहे तो फादामुळेच.

संगणक आले तेव्हा अनेक सरकारी यंत्रणांनी ही रेघ गाळली. युरोपात 2018 पासून नवा विदासंरक्षण (डेटा संरक्षण) कायदा लागू झाला, त्यात स्वतःबद्दलची चुकीची नोंद दुरुस्त करून घेण्याचा हक्क आहे. एका आयरिश नागरिकाने त्याच्या आधारे तक्रार केली: रुग्णालयाच्या नोंदीत माझं नाव रेघेशिवाय आहे, म्हणजे ते चूक आहे. 2019 मध्ये आयर्लंडच्या विदासंरक्षण नियामकाने त्याच्या विरोधात कौल दिला. दुरुस्तीचा हक्क निरपेक्ष नाही, माहिती कोणत्या कामासाठी ठेवली आहे त्यावर तो अवलंबून आहे, असा त्याचा आशय होता. रुग्ण ओळखू येतो ना, मग रेघ नसली तरी बिघडलं कुठे, अशी ही भूमिका.

प्रशासनाच्या बाजूने सांगण्यासारखं काही नाही असं नाही. जुन्या प्रणाली बदलणं खर्चाचं असतं. पण ज्या राज्याच्या घटनेत आयरिश ही पहिली राजभाषा आहे, त्या राज्याने नागरिकाचं नाव त्या भाषेत शुद्ध लिहिणं ऐच्छिक मानावं, हे समर्थनीय वाटत नाही. 1864 च्या कारकुनाला ती भाषा येत नव्हती, असं निदान म्हणता येईल. इथे भाषा येत होती, कीबोर्डवर रेघेची कळही बसवता आली असती. नाव बरोबर की चूक हे ते धारण करणारा ठरवणार की त्याची नोंद ठेवणारा, हा प्रश्न त्या कौलाने नोंद ठेवणाऱ्याच्या पारड्यात टाकला.

गदारोळ झाला आणि 2021 अखेर राजभाषा कायद्यात दुरुस्ती झाली. सार्वजनिक संस्थांनी आयरिश नावं फादासह नोंदवण्याची व्यवस्था करावी, अशी तरतूद त्यात आली. त्याच वर्षी आयर्लंडमधल्या नवजात मुलींच्या नावांत पहिला क्रमांक लागला ‘फिया’चा. हे नाव दंतकथेतलं नाही, ‘रानटी, मोकळं’ या अर्थाचं आणि हरणासाठीच्या शब्दाशी जोडलेलं आधुनिक नाव आहे. त्यावर रेघ नाही, त्यामुळे त्या मुलींना हा त्रास नाही.

ओशीनला तो अजून आहे. पासपोर्टच्या पानावर त्याचं नाव फादासह छापता येतं. खालच्या, यंत्राने वाचायच्या दोन ओळींत मात्र आंतरराष्ट्रीय नियमानुसार रोमन लिपीतली साधी सव्वीस अक्षरं, अंक आणि रिकामी जागा भरणारं एक चिन्ह एवढंच चालतं. तिथे ओशीनची रेघ आजही गळते.