बच्चू यादवच्या आधीचा सातारा

१९९९ साली ‘शूल’ हा हिंदी सिनेमा लागला तेव्हा त्यातला खलनायक, मोतीहारीचा आमदार बच्चू यादव बघून बऱ्याच जणांची समजूत झाली, हा गडी थेट बिहारमधूनच आणलेला. तो रंगवणारे सयाजी शिंदे मात्र साताऱ्याजवळच्या वेळे-कामथीचे. शिक्षण चालू असतानाच त्यांनी पाटबंधारे खात्यात वॉचमनची नोकरी धरली, आणि नाटकाचा नाद तेव्हापासूनचा. जन्म १९५९चा, म्हणजे ‘शूल’ आला तेव्हा ते चाळिशीला पोचलेले. नायकाला हे वय परवडत नाही. चरित्र अभिनेत्याला चालतं, खरं तर लागतंच.

त्यांचं नाव झालं ते त्याआधी, ‘झुलवा’ नाटकामुळे. जोगतिणींच्या आयुष्यावरची उत्तम बंडू तुपे यांची कादंबरी चेतन दातार यांनी रंगमंचासाठी लिहिली आणि वामन केंद्रे यांनी बसवली. तुपेही आपल्याच जिल्ह्यातले, खटाव तालुक्यातल्या एनकूळचे. लेखक माणदेशाच्या वाटेवरचा, नट साताऱ्याजवळचा, आणि दोघांची गाठ पडली मुंबईच्या रंगमंचावर! त्या काळी दुसरा रस्ताच नव्हता.

दुय्यम भूमिकेची परंपरा मात्र या भागाला नवी नाही. शेजारच्या सांगलीत १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीता स्वयंवर’ केलं. त्या धाटणीच्या नाटकांत पदं सूत्रधार म्हणायचा, आणि राक्षस आरडाओरडा करतच रंगमंचावर यायचे. त्या ओरडण्यावरूनच लोक या नाटकांना ‘अललडुर्र’ म्हणू लागले. म्हणजे खलपात्राने नाटकाचं नाव पळवण्याचा प्रकार तेव्हापासूनचा. पुढे कवलापूरच्या लहू आणि अंकुश खाडे या जुळ्या भावांनी तमाशातल्या ‘जहरी प्याला’ या वगात काळू-बाळू हे हवालदार रंगवले, ते इतके गाजले की फडच काळू-बाळूंचा म्हणून ओळखला गेला. वगाचा नायक कोण होता, हे आज किती जण सांगतील?

‘शूल’नंतर शिंदे दक्षिणेत गेले. २००० साली तमिळ ‘भारती’मध्ये त्यांनी कवी सुब्रमण्य भारतींची मुख्य भूमिका केली. मग ‘धूल’, ‘ठागूर’ अशा सिनेमांतून खलनायकीची रांगच लागली. तिकडे खलनायक बाहेरून आणायची पद्धत आहे, आवाज डबिंगवाला देतो, त्यामुळे भाषा आडवी येत नाही. गंमत अशी, की हेच सिनेमे पुढे हिंदीत डब होऊन टीव्हीवर आले आणि साताऱ्यातल्या घराघरांत दुपारी दुसऱ्याच कुणाच्या आवाजात आपला माणूस बोलू लागला.

दरम्यान उलटा प्रवासही सुरू झाला. वाईचे घाट आणि मेणवलीचा वाडा हिंदीवाल्यांना सापडले. ‘गंगाजल’, ‘स्वदेस’, ‘दबंग’ इथे चित्रित झाले. गर्दीत उभं राहायला गावकरी मिळाले, पण संवाद फारसे कुणाच्या वाट्याला आले नाहीत. ते मिळू लागले मालिकांमुळे. २०१७ साली ‘लागिरं झालं जी’ सुरू झाली, निर्मात्या श्वेता शिंदे मूळ साताऱ्याच्या. फौजी, त्याची आजी, मित्र, चहाटळ शेजारी, सगळ्यांच्या तोंडी सातारी बोली. ती शिकवून येत नाही, म्हणून स्थानिक नटांना बोलावणी येऊ लागली.

पैशाचं गणित मात्र कडकच. मोबदला ‘पर डे’ ठरतो आणि चेक साधारण नव्वद दिवसांनी निघतो. आपला ट्रॅक, म्हणजे मालिकेतला आपल्या पात्राचा कथाभाग, संपला की महिन्याचे पंधरा दिवस चारावर येतात. हातात दुसरा धंदा किंवा शेती असल्याशिवाय गावात राहून हे जमत नाही.

मुंबईची मुरलेली चरित्र मंडळीही इकडे येऊ लागली. ‘मत्स्यगंधा’ नाटक गाजवलेल्या आशालता वाबगावकर २०२०मध्ये ‘आई माझी काळूबाई’च्या चित्रीकरणासाठी साताऱ्यात होत्या. इथेच त्यांना करोना झाला, आणि २२ सप्टेंबरला साताऱ्यातच त्या गेल्या. वय ७९.