ऑस्विन आणि ऑस्वाल्ड: एकाच 'ओस'ची दोन नावे

इंग्रजी पुरुषनामांमध्ये ऑस्विन हे नाव आज इतके विरळ झाले आहे की ऐकणाऱ्याला ते बहुधा ऑस्वाल्डचेच आखूड रूप वाटते. हा समज स्वाभाविक आहे, पण बरोबर नाही. दोन्ही नावे सातव्या शतकात इंग्लंडच्या उत्तरेकडील नॉर्थम्ब्रियाच्या राजघराण्यांत चालत होती. दोन्ही नावांचे राजे ऑगस्ट महिन्यातच मारले गेले, एक ६४२ मध्ये आणि दुसरा ६५१ मध्ये. दोघांनाही पुढे संत मानण्यात आले. आणि दोघांच्याही चरित्रात एडन हा एकच आयरिश बिशप येतो. त्यात आणखी भर म्हणजे ऑस्विनचा वध करविणाऱ्या राजाचे नाव ऑस्विउ असे होते आणि तो ऑस्वाल्डचा भाऊ होता. गल्लतीला एवढी जागा असताना ती टाळायची, तर आधी नावांची फोड आणि मग ती नावे धारण करणारी माणसे, असा क्रम धरणे सोयीचे पडते.

नावाचा पूर्वार्ध दोहोंत एकच आहे. जुन्या इंग्रजीत 'ओस' म्हणजे देव. जुन्या नॉर्स भाषेत त्याचे भावंड 'आस' हे असून ओडिन, थोर आदी देवांच्या कुळाला त्याच शब्दाच्या अनेकवचनाने 'एसिर' म्हणत. संस्कृतातील 'असुर' या शब्दाशीही काही भाषाशास्त्रज्ञ त्याचे नाते जोडतात; ऋग्वेदात 'असुर' हे वरुणासारख्या देवांचे गौरवपर विशेषण म्हणून येते हे लक्षात घेतले, म्हणजे त्या नात्यातला विचित्रपणा बराचसा ओसरतो. बाळांच्या नावांची पुस्तके ऑस्विनचा अर्थ 'देवाचा मित्र' असा देऊन मोकळी होतात आणि वाचक त्या देवाला सहजच ख्रिस्ती परमेश्वर समजतो. प्रत्यक्षात ऑस्वाल्डचा जन्म इसवी सन ६०४ च्या सुमारास झाला आणि नॉर्थम्ब्रियाचा पहिला ख्रिस्ती राजा एडविन याचा बाप्तिस्मा ६२७ मध्ये झाला. म्हणजे राजा एथेलफ्रिथने आपल्या मुलाचे नाव ऑस्वाल्ड ठेवले, तेव्हा त्याच्या डोळ्यांसमोर जुनेच देव होते. पुढे ख्रिस्ती झालेल्या इंग्रजांनी परमेश्वराला 'गॉड' म्हटले, 'ओस' म्हटले नाही. जुना शब्द ऑस्मंड, ऑस्बर्ट, ऑस्बोर्न अशा नावांच्या पोटात मात्र टिकून राहिला.

उत्तरार्धात दोन्ही नावे वेगळी होतात. ऑस्विनमधील 'विन' हा मुळात 'विने' असा दोन अक्षरी शब्द असून त्याचा अर्थ मित्र. हा मित्र बरोबरीचाच असावा असे नाही. जुन्या इंग्रजी काव्यात आश्रितांना सांभाळणाऱ्या, त्यांना देणग्या देणाऱ्या धन्यालाही 'विने' म्हटलेले आढळते. संस्कृतातील 'वन्' या इच्छा आणि आवड दाखविणाऱ्या धातूचे आणि या शब्दाचे मूळ एकच आहे. एडविन, गॉडविन, बाल्डविन या नावांच्या शेवटी हाच 'विने' बसलेला आहे. आजच्या इंग्रजीतील जिंकणे या अर्थाच्या क्रियापदाशी त्याचे नाते फार दूरचे आहे आणि नावात तो अर्थ नाही, त्यामुळे ऑस्विनचा अर्थ कोठे 'देवाचा विजय' असा दिलेला दिसला, तर तो केवळ उच्चार ऐकून लावलेला आहे असे खुशाल समजावे. ऑस्वाल्डमधील 'वाल्ड' म्हणजे सत्ता, अधिकार. हॅरॉल्ड, जेराल्ड आणि वॉल्टर ही याच शब्दाची लेकरे आहेत. जर्मन जाणणाऱ्यांना येथे रान हा अर्थ आठवतो, कारण त्या भाषेत 'वाल्ड' म्हणजे रान, आणि जुन्या इंग्रजीतही तसाच ऐकू येणारा रानवाचक शब्द होता. परंतु राजपुत्रांच्या नावांत अभिप्रेत असते ती सत्ताच.

एवढ्यावरून ऑस्विन म्हणजे 'देवाचा सखा' आणि ऑस्वाल्ड म्हणजे 'देवाची सत्ता' असे सरळ भाषांतर करण्याचा मोह होतो. तो थोडा आवरलेला बरा. आपल्याकडे 'देवदत्त' या नावाचा विग्रह करून नेमका अर्थ सांगता येतो. जुन्या इंग्रजांची जोडनावे त्या रीतीने घडत नसत. घराण्यातील वडीलधाऱ्यांच्या नावांतून एकेक तुकडा उचलावा आणि दोन तुकडे सांधून नवे नाव करावे, अशी त्यांची पद्धत होती. वुस्टरचा बिशप वुल्फस्टन, ज्याचे निधन १०९५ मध्ये झाले, त्याच्या आईचे नाव वुल्फगिफू आणि वडिलांचे एथेलस्टन होते. आईचा 'वुल्फ' म्हणजे लांडगा आणि वडिलांचा 'स्टन' म्हणजे दगड घेऊन मुलाचे नाव तयार झाले. 'लांडगा-दगड' या जोडीतून अर्थ शोधण्यात काही हशील नाही. नॉर्थम्ब्रियाच्या राजकुळांत 'ओस' हा तुकडा असाच घराण्याची खूण म्हणून फिरत होता. ऑस्विनच्या वडिलांचे नाव ऑस्रिक होते. मुलाला 'ओस' तेथून मिळाला.

आता माणसांकडे वळू. नॉर्थम्ब्रिया हे राज्य बर्निशिया आणि डेरा या दोन राज्यांच्या जोडणीतून झालेले होते आणि त्या दोन कुळांमधली तेढ कधीच पुरती मिटली नाही. ऑस्वाल्ड हा बर्निशियाच्या कुळातला. वडील लढाईत पडल्यावर तो उत्तरेला आयरिश लोकांमध्ये परागंदा होऊन वाढला, तेथेच ख्रिस्ती झाला आणि ६३४ च्या सुमारास हेक्सहॅमजवळच्या हेवनफील्डच्या लढाईत वेल्श राजा कॅडवॉलनला मारून गादीवर आला. पुढच्याच वर्षी त्याने स्कॉटलंडजवळच्या आयोना बेटावरील मठातून एडनला बोलावून घेतले आणि लिंडिसफार्न हे बेट त्याला दिले. ऑस्विन हा डेराच्या कुळातला. ऑस्वाल्डच्या मृत्यूनंतर त्याने फक्त डेरावर सात वर्षे राज्य केले. उंचापुरा, देखणा, बोलण्यात गोड आणि उदार, त्यामुळे दूरदूरच्या प्रांतांतील खानदानी लोक त्याच्या चाकरीला येत, असे वर्णन बीड या भिक्षू इतिहासकाराने करून ठेवले आहे. बीडचा इंग्रजांचा धर्मेतिहास ७३१ मध्ये पुरा झाला आणि या दोन राजांविषयी आपल्याला जे ठाऊक आहे त्यातले बहुतेक त्याच ग्रंथातून आलेले आहे.

त्याच ग्रंथात एडन आणि हे दोन राजे यांच्या जेवणाच्या वेळच्या दोन कथा आहेत. पहिली ऑस्वाल्डची. ईस्टरच्या दिवशी राजा आणि बिशप जेवायला बसले असून समोर चांदीच्या ताटात पक्वान्ने मांडलेली आहेत. इतक्यात गोरगरिबांची व्यवस्था पाहणारा अधिकारी येऊन सांगतो की बाहेर रस्त्यावर भिकाऱ्यांची गर्दी बसली आहे. राजा ते अन्न तर बाहेर पाठवितोच, शिवाय ताटाचे तुकडे करून ते त्या लोकांत वाटायला सांगतो. एडन त्याचा उजवा हात धरून म्हणतो की हा हात कधीही न कुजो. पुढे लढाईत मेलेल्या ऑस्वाल्डचे मुंडके आणि हात तोडून मर्सियाचा राजा पेंडा याने ते खांबांवर टांगले. वर्षभराने ऑस्विउने ते उतरवून नेले आणि बॅम्बरो येथे चांदीच्या पेटीत ठेवलेले हात आपल्या काळापर्यंत कुजलेले नाहीत, असे बीड लिहितो.

दुसरी कथा ऑस्विनची, आणि मला विचाराल तर ती अधिक सरस आहे, कारण तीत चमत्कार नाही. एडन सगळीकडे पायी हिंडत असे. नदी ओलांडायला किंवा घाईच्या वेळी उपयोगी पडावा म्हणून ऑस्विनने त्याला एक उमदा घोडा दिला. थोड्याच दिवसांत वाटेत एक भिकारी भेटला आणि एडनने राजेशाही साजासकट तो घोडा त्याला देऊन टाकला. जेवायला जाताना राजाने विचारले की भिकाऱ्याला द्यायला आपल्याकडे हलकी जनावरे नव्हती काय, हा घोडा तर मी खास तुमच्यासाठी निवडला होता. एडनने उलट विचारले की राजा, घोडीचे ते पोर तुला देवाच्या त्या लेकरापेक्षा जास्त प्रिय आहे काय? बिशप आपल्या जागेवर जाऊन बसला. राजा नुकताच शिकारीवरून आलेला होता, तो सरदारांबरोबर शेकोटीपाशी अंग शेकत उभा राहिला. मग एकाएकी कमरेची तलवार सोडून त्याने ती सेवकाच्या हाती दिली आणि बिशपचे पाय धरले. एडन त्या वेळी प्रसन्न झाला, पण जेवणात त्याच्या डोळ्यांना पाणी आले. सोबतच्या पुरोहिताने कारण विचारले, तेव्हा हा राजा फार दिवस जगणार नाही, इतका नम्र राजा मी आजवर पाहिला नाही, असे त्याने उत्तर दिले. हे बोलणे आयरिश भाषेत झाले आणि ते राजाला किंवा त्याच्या माणसांना कळले नाही, असे बीड मुद्दाम नोंदवितो. ऑस्वाल्डच्या दरबारात हे घडले नसते. त्याला आयरिश उत्तम येत असे आणि एडनच्या प्रवचनाचे इंग्रजी तो स्वतः करून सांगत असे.

एडनचे म्हणणे लवकरच खरे ठरले. ६५१ मध्ये ऑस्विउ सैन्य घेऊन चालून आला. आपले बळ अपुरे आहे हे ओळखून ऑस्विनने फौजेला घरी पाठविले आणि टोंडहेरे नावाच्या एकाच विश्वासू सरदाराला बरोबर घेऊन तो हुनवाल्ड या आपल्याच माणसाच्या घरी लपून राहिला. हुनवाल्डने दगा दिला. २० ऑगस्टला यॉर्कशायरमधील गिलिंग येथे ऑस्विउच्या एथेलविने नावाच्या अधिकाऱ्याने दोघांनाही ठार केले. नावांचे अर्थ शब्दशः घेणाऱ्यांनी येथे क्षणभर थांबावे: 'देवाच्या मित्रा'चा जीव घेणाऱ्याच्या नावातही 'विने' आहे, तो 'उमदा मित्र' आहे. एडनही बारा दिवसांच्या आतच वारला. ऑस्विउची राणी ऐनफ्लेड ही ऑस्विनच्या नात्यातली होती. तिच्या आग्रहावरून गिलिंगला प्रायश्चित्त म्हणून मठ बांधण्यात आला.

मग ऑस्वाल्ड जगभर पसरला आणि ऑस्विन मागे का पडला? माझ्या मते याचे उत्तर नावात नसून मृत्यूच्या प्रकारात आहे. ऑस्वाल्ड ख्रिस्ती नसलेल्या शत्रूशी लढताना पडला, त्यामुळे तो धर्मवीर ठरला. ऑस्विनला एका ख्रिस्ती राजाने घरच्या भांडणात मारविले. ऑस्वाल्डच्या अस्थी अनेक ठिकाणी वाटल्या गेल्या आणि जेथे अस्थी तेथे नाव गेले. आजच्या नेदरलँड्सच्या किनारपट्टीवरील फ्रिसियात धर्मप्रसार करणाऱ्या विलिब्रॉर्डजवळ त्या होत्या. पुढे दक्षिण जर्मनी आणि आल्प्सच्या मुलखात त्याचा पंथ इतका रुजला की स्वित्झर्लंडमधील झुग शहरात त्याच्या नावाचे भव्य चर्च उभे राहिले आणि चित्रांत त्याच्या हाताशी कावळा दिसू लागला. इंग्लंडमध्ये ऑस्वेस्ट्री हे गाव त्याच्या नावावरून, म्हणजे 'ऑस्वाल्डच्या झाडा'वरून ओळखले जाते. ऑस्विनचे नाव टाइन नदीच्या मुखावरील टाइनमथ या एका मठाभोवतीच राहिले. १०६५ मध्ये तेथे त्याचे अवशेष सापडल्याचे जाहीर झाले आणि पुढच्याच वर्षी नॉर्मन लोक आले. त्यांच्यामागून विल्यम, रॉबर्ट, रिचर्ड ही नावे आली आणि जुनी इंग्रजी नावे मागे हटली. ऑस्वाल्ड उत्तरेत कसाबसा तग धरून होता; एकोणिसाव्या शतकात एडगर, एडविन यांच्याबरोबर तो पुन्हा वर आला. ऑस्विनला तसे दिवस आले नाहीत.

विसाव्या शतकात ऑस्वाल्डच्या वाट्याला सर्व प्रकारचे लोक आले. १९४४ मध्ये आनुवंशिक गुण डीएनएमधून जातात हे प्रयोगाने दाखविणारा ऑस्वाल्ड एव्हरी आहे, आणि १९३२ मध्ये ब्रिटनमध्ये फॅसिस्ट पक्ष काढणारा ऑस्वाल्ड मोस्लीही आहे. केनेडींच्या खुनातला ऑस्वाल्ड हे मात्र आडनाव आहे. स्पॅनिश आणि पोर्तुगीज मुलखांत ऑस्वाल्डो हे रूप रुळले. आपल्याकडेही ऑस्वाल्ड हे नाव ओळखीचे आहे. मुंबईचे आर्चबिशप राहिलेले कार्डिनल ऑस्वाल्ड ग्रेशियस यांचा जन्म मुंबईचाच. ऑस्विन त्या मानाने अपरिचितच, मात्र २०१२ मध्ये एका गाजलेल्या ब्रिटिश विज्ञानकल्पित मालिकेने ऑस्विन आणि ऑस्वाल्ड ही दोन्ही नावे एकाच तरुणीला, एक नाव आणि एक आडनाव म्हणून देऊन टाकली. इंग्लंडमध्ये यांचे उच्चार ऑझविन आणि ऑझवल्ड असे होतात.

खरी दक्षता ऑस्विन आणि ऑस्विउ यांच्या बाबतीत घ्यावी लागते. बीडच्या लॅटिन ग्रंथात ही नावे 'ओसुइनी' आणि 'ओसुइउ' अशी येतात. त्या काळच्या हस्तलिखितांत यू, आय आणि एन ही रोमन अक्षरे सारख्याच आखूड उभ्या रेघांनी लिहीत; आयला एक रेघ, यू आणि एनला दोन दोन. त्या हिशेबाने पहिल्या नावाच्या शेवटी सहा रेघा होतात आणि दुसऱ्याच्या शेवटी पाच. म्हणून नुसत्या नावावर विसंबण्यापेक्षा साल आणि राज्य पाहावे: डेराचा राजा आणि ६५१ मध्ये मृत्यू असेल तर तो ऑस्विन, बर्निशियाचा राजा, ६६४ च्या व्हिटबीच्या धर्मसभेत निवाडा देणारा आणि ६७० पर्यंत जगलेला असेल तर तो ऑस्विउ.