कोहिमाच्या दफनभूमीत फक्त गोरे सैनिक आहेत?

नागालँडमधल्या कोहिमा इथल्या दुसऱ्या महायुद्धाच्या दफनभूमीला 'ब्रिटिशांचं कब्रस्तान' म्हणायची सवय जुनी आहे. फोटोत दिसतात त्या रांगेतल्या कबरी आणि त्यावरची इंग्रजी नावं, त्यामुळे समज पक्का होतो. पण तो अर्धवट आहे.

इथे राष्ट्रकुलातल्या (ब्रिटन आणि त्याच्या साम्राज्यातल्या देशांच्या) 1,420 सैनिकांच्या कबरी आहेत, आणि त्यांत भारतीयही आहेत. हिंदू-शीख जवानांच्या कबरी मात्र शोधून सापडणार नाहीत. त्यांना अग्नी दिला गेला, मग कबर कुठून असणार? त्यांची नावं टेकडीच्या सगळ्यात उंच भागावरच्या स्मारकावर कोरली आहेत: 917 जण. खालच्या रांगा बघून परतणाऱ्याचं नेमकं तेच बघायचं राहून जातं.

लढाईही काही एकट्या गोऱ्यांची नव्हती. मार्च 1944 च्या अखेरीस जपानी फौज कोहिमावर येत होती, तेव्हा जेसामी आणि खारासोम इथे तिला आधी अडवलं ते आसाम रेजिमेंटने. पुढे वेढा पडला. डेप्युटी कमिशनरच्या बंगल्याशेजारच्या टेनिस कोर्टाच्या दोन टोकांना दोन्ही सैन्यं समोरासमोर होती, म्हणजे हातबॉम्ब सहज पोचेल एवढ्या अंतरावर. त्या कोर्टाच्या पांढऱ्या रेषा आज दफनभूमीतच आखून ठेवल्या आहेत.

जाता जाता: इथे लढलेल्या ब्रिटिश सेकंड डिव्हिजनच्या स्मारकावरच्या प्रसिद्ध इंग्रजी ओळीही ('तुमच्या उद्यासाठी आम्ही आमचा आज दिला' अशा अर्थाच्या) कोहिमासाठी लिहिलेल्या नाहीत. त्या जॉन मॅक्सवेल एडमंड्सच्या, पहिल्या महायुद्धाच्या काळातल्या.