किल्ली कोणाच्या हाती? मॉर्मन स्त्रियांच्या स्थानाची पार्श्वभूमी

मार्च २०२४ मध्ये मॉर्मन चर्च या एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत जन्मलेल्या ख्रिस्ती पंथाच्या महिला संस्थेच्या वर्धापनदिनी तिथल्या एका वरिष्ठ पदाधिकारी बाईंनी एक विधान केलं. स्त्रियांना इतक्या व्यापक प्रमाणावर सामर्थ्य आणि अधिकार देणारी दुसरी धर्मसंस्था जगात आपल्या माहितीत नाही, असा त्याचा आशय होता. चर्चच्या इन्स्टाग्राम खात्यावर ते वाक्य आलं आणि त्याखाली हजारो प्रतिक्रिया जमल्या. त्या लिहिणाऱ्यांत बाहेरचे टीकाकार थोडे होते. दर रविवारी चर्चला जाणाऱ्या, मुलांचे वर्ग घेणाऱ्या बायका विचारत होत्या, की हा अधिकार नेमका आहे कुठे?

वादाची गाठ एका शब्दात आहे. तो शब्द म्हणजे इंग्रजीतला ‘प्रिस्टहूड’, देवाच्या नावाने विधी आणि कारभार करण्याचा अधिकार. मराठी बायबलच्या भाषेत त्याला याजकपद म्हणता येईल. ‘पौरोहित्य’ म्हटलं तर आपल्याकडचा वाचक फसेल, कारण इथे दक्षिणा नाही, वेदपाठशाळेसारखं शिक्षण नाही आणि वेगळा पुरोहितवर्गही नाही. मुलगा बारा वर्षांचा होतो त्या वर्षाच्या जानेवारीत त्याला याजकपदाची पहिली पायरी मिळते, म्हणजे बाराव्या वाढदिवसाच्या आधीही मिळू शकते. मग तो रविवारच्या सभेत पवित्र भाकरीचं आणि पाण्याचं तबक रांगांमधून फिरवतो. त्याच्या आईने कितीही वर्षं चर्चचं काम केलेलं असो, ते तबक फिरवण्याचं काम तिच्याकडे येत नाही. स्थानिक मंडळीचा प्रमुख पुरुष, त्याचे दोन्ही सहायक पुरुष आणि दशांशाचा, म्हणजे सभासदांनी चर्चला द्यायच्या उत्पन्नाच्या दहाव्या हिश्श्याचा, हिशेब व शिस्तीची कारवाईही पुरुषांकडेच. बोलीत तर ‘याजकपद’ म्हणजे थेट पुरुषमंडळी, इथपर्यंत हा शब्द घसरला आहे. सभेनंतरच्या खुर्च्या कोण उचलणार, तर ‘प्रिस्टहूड’ उचलेल! पुरुष म्हणजे याजकपद नव्हे, हे नेतृत्वाला जाहीरपणे सांगावं लागलं.

एप्रिल २०१४ मध्ये चर्चच्या सर्वसाधारण परिषदेत एका ज्येष्ठ प्रेषिताने, म्हणजे सर्वोच्च नेतृत्वातल्या एकाने, या शब्दाची नव्याने उकल केली. तिचा सारांश असा: पद वेगळं आणि अधिकार वेगळा. स्त्रीला चर्चमध्ये एखादी जबाबदारी सोपवली की ती पार पाडताना ती जो अधिकार वापरते तो याजकपदाचाच असतो, दुसरा कुठला असणार? मात्र याजकपदाची पदं पुरुषांनीच धारण करावीत हा ईश्वरी संकेत आहे आणि तो बदलण्याची मुभा नेतृत्वाला नाही. चर्चच्या दृष्टीने हा मोठा पल्ला होता, कारण त्याआधीच्या पिढीत इतकंही कोणी व्यासपीठावरून स्पष्ट बोललं नव्हतं. पण ज्यांना पद हवं होतं त्यांच्या हातात यातून काय पडलं? अधिकार आहे पण तो दुसऱ्याने सोपवल्यावरच, अशी ही मांडणी. सासूबाईंनी तिजोरी तुझीच म्हणावं आणि किल्ल्यांचा जुडगा कमरेलाच ठेवावा, तसं काहीसं.

किल्लीची उपमा मी उगाच घेतलेली नाही. २८ एप्रिल १८४२ रोजी अमेरिकेच्या इलिनॉय राज्यातल्या नॉवू गावी चर्चचा संस्थापक जोसेफ स्मिथ महिला संस्थेपुढे बोलला. संस्था तेव्हा जेमतेम सहा आठवड्यांची होती. १७ मार्चला वीसेक बायकांनी ती सुरू केली होती आणि संस्थापकाची पत्नीच तिची अध्यक्ष होती. इतिवृत्त लिहिणाऱ्या सचिव बाईंनी त्याचं वाक्य टिपलं आहे: देवाच्या नावाने मी आता किल्ली तुमच्याकडे वळवतो. १८५० च्या दशकात, संस्थापकाच्या खुनानंतर बऱ्याच वर्षांनी, चर्च पश्चिमेकडे यूटामध्ये स्थलांतरित झाल्यावर तिथे त्याचा अधिकृत इतिहास सिद्ध करताना पुरुष लेखनिकांनी ते वाक्य बदललं. छापलं ते असं: तुमच्यासाठी मी किल्ली फिरवतो. मूळ इंग्रजीत फरक दोन-तीन शब्दांचाच, पण मराठीत तो लपत नाही. पहिल्या वाक्यात किल्ली बायकांकडे जाते, दुसऱ्यात दार त्यांच्यासाठी उघडतं आणि किल्ली उघडणाऱ्याच्याच खिशात राहते. ‘याजकांचं राज्य’ घडवण्याबद्दलचं ३० मार्चचं विधानही असंच बोथट करण्यात आलं. पुढे शंभराहून अधिक वर्षं चर्चमधल्या बहुतेक बायकांनी दुरुस्त पाठच वाचला. मूळ इतिवृत्ताची वही जपलेली होती आणि २०१६ मध्ये चर्चच्याच प्रकाशनाने त्या काळातल्या इतर कागदपत्रांसोबत ती छापली. ‘वळवतो’ म्हणजे सुपूर्द करतो, की नुसतं कुलूप उघडून देतो, यावर अभ्यासकांचं आजही एकमत नाही. मला स्वतःला त्या अर्थाइतकाच तो फेरफार बोलका वाटतो. वाक्य निरुपद्रवी असतं तर त्याला हात लावायची गरज कोणाला पडली असती?

ती पहिली संस्था दोन वर्षंच टिकली. संस्थापकाच्या पत्नीने चर्चमध्ये तेव्हा सुरू झालेल्या बहुपत्नीत्वाविरुद्धच्या भूमिकेसाठी सभेचं व्यासपीठ वापरलं. १८४४ मध्ये बैठका थांबल्या आणि पुढच्या वर्षी नव्या प्रमुखाने संस्थेवर पडदा टाकला. यूटामध्ये ती पुन्हा उभी राहायला १८६० च्या दशकाची अखेर उजाडली.

तरीही नियमात नसलेलं बरंच काही व्यवहारात चालू राहिलं. आजारी माणसाला तेल लावून, डोक्यावर हात ठेवून बायका आशीर्वाद देत. बाळंतपणाआधी गरोदर बाईला स्नान घालून, तेल लावून प्रार्थना करण्याचा विधी होता. १९१४ मध्येही नेतृत्वाने पत्रक काढून याला मान्यता दिली होती. १९४६ मध्ये एका प्रेषिताच्या पत्राने सूर बदलला: असे आशीर्वाद याजकांकडून घेतलेले बरे. तेवढ्यावर ती प्रथा मावळली. मंदिराच्या, म्हणजे रविवारच्या सभागृहाहून वेगळ्या अशा खास विधींच्या वास्तूच्या, आत मात्र स्त्रियांचे शुद्धीचे विधी स्त्रियाच करत आल्या आणि अजूनही करतात, ही या व्यवस्थेतली सर्वात चमत्कारिक फट.

एकोणिसाव्या शतकातल्या यूटाची गोष्ट एरवी फार रंगवून सांगितली जाते, इथे थोडक्यात पुरे. फेब्रुवारी १८७० मध्ये तिथल्या स्त्रियांना मताधिकार मिळाला. वॉशिंग्टनमधल्या काहींची अटकळ होती की मत मिळताच या बायका बहुपत्नीत्व उलथवतील. त्यांनी तसं काही केलं नाही, आणि १८८७ मध्ये काँग्रेसने बहुपत्नीत्वविरोधी कायद्यातच त्यांचा मताधिकार काढून घेतला. १८९६ मध्ये यूटा राज्य झालं तेव्हा तो परत आला. त्याच वर्षी एका बहुपत्नीक पुरुषाची चौथी बायको, पेशाने डॉक्टर, राज्याच्या सिनेटवर निवडून आली. विरोधी पक्षाच्या उमेदवारांत तिचा नवराच होता. अमेरिकेत राज्य सिनेटवर गेलेली ती पहिली स्त्री.

आजच्या तक्रारींची मुळं मात्र मला विसाव्या शतकातच दिसतात, आणि ती धर्मशास्त्रापेक्षा हिशेबाच्या वहीत जास्त आहेत. महिला संस्थेकडे स्वतःची वर्गणी, स्वतःचे विक्रीमेळे आणि १९१५ पासून स्वतःचं मासिक होतं. बायकांनी प्रत्येकी पाच डॉलर जमवून सॉल्ट लेक सिटीत स्वतःची इमारत बांधली, ती १९५६ मध्ये. १८७६ पासून त्यांनी गहू साठवला होता. पहिल्या महायुद्धात, १९१८ मध्ये, त्यातला दोन लाखांहून अधिक बुशेल (धान्याचं अमेरिकी माप) सरकारला विकला गेला, आणि त्या व्यवहारात बायकांच्या केंद्रीय नेतृत्वाला आधी विचारलंही गेलं नव्हतं. १९७० च्या सुमारास चर्चचा सगळा कारभार एका छत्राखाली आणण्याच्या मोहिमेत मासिक बंद पडलं आणि निधी मध्यवर्ती तिजोरीत गेला. लगेच पुढे वर्गणी रद्द होऊन प्रत्येक स्त्री आपोआप सभासद झाली. सभासदसंख्या फुगली आणि खर्चाची मंजुरी पुरुषांकडे गेली.

त्याच दशकात स्त्री-पुरुषांना समान हक्क देऊ पाहणाऱ्या अमेरिकी घटनादुरुस्तीला चर्चने उघड विरोध केला. जून १९७७ मध्ये सॉल्ट लेक सिटीतल्या राज्यस्तरीय महिला परिषदेला प्रत्येक मंडळीतून दहा बायका पाठवा, असा निरोप फिरला. सुमारे १४ हजार बायका आल्या आणि राष्ट्रीय पातळीवरून आलेले ठराव त्यांनी धडाधड फेटाळले. त्यांना नुसत्या पाठवलेल्या म्हणणं अन्यायाचं होईल, अनेकींना ते मनापासून पटलेलं होतं. पण दुरुस्तीच्या बाजूने उघडपणे लढणाऱ्या एका सभासद बाईंना डिसेंबर १९७९ मध्ये बहिष्कृत करण्यात आलं. दुरुस्ती १९८२ मध्ये मान्यतेसाठी लागणाऱ्या राज्यांपैकी तीन कमी पडून बारगळली.

१९९५ च्या कुटुंबविषयक घोषणेने पुढची चौकट आखली. पित्याने कुटुंबाचं अध्यक्षपद सांभाळावं, मातेवर प्रामुख्याने संगोपनाची जबाबदारी, आणि तरी दोघे समान भागीदार. ही घोषणा महिला संस्थेच्याच सभेत वाचली गेली. मसुद्यात आपला सहभाग नव्हता, असं त्या काळच्या एका महिला पदाधिकाऱ्याने नंतर मुलाखतीत सांगितलं. १९९३ मध्ये चर्चच्या अधिकृत भूमिकेला छेद देणारं लिहिणाऱ्या-बोलणाऱ्या सहा लेखक-अभ्यासकांवर झालेली कारवाई आणि जून २०१४ मध्ये स्त्रियांसाठी याजकपद मागणाऱ्या मोहिमेच्या संस्थापिकेचा बहिष्कार, या दोन घटनांच्या मधे हीच चौकट उभी आहे.

बदल झाले ते कडेकडेने. ऑक्टोबर २०१२ मध्ये मुलींसाठी धर्मप्रचाराला जाण्याचं किमान वय २१ वरून १९ वर आलं आणि तरुणींचा अक्षरशः ओघ लागला. एप्रिल २०१३ मध्ये सर्वसाधारण परिषदेत प्रथमच एका स्त्रीने प्रार्थना म्हटली. २०१५ मध्ये वरिष्ठ परिषदांवर स्त्रियांच्या नेमणुका झाल्या. ऑक्टोबर २०१९ पासून बाप्तिस्म्याला आणि मंदिरातल्या विवाहबंधनाला स्त्रिया साक्षीदार राहू शकतात. २०२३ मध्ये मात्र कॅलिफोर्नियाच्या उपसागर भागात महिला पदाधिकाऱ्यांना व्यासपीठावर पुरुषांशेजारी बसवण्याची स्थानिक प्रथा वरून थांबवण्यात आली. खुर्चीसुद्धा किल्लीइतकीच जड ठरते.

संस्थापकाची पत्नी यूटाला कधी गेलीच नाही. तिच्या मुलाने १८६० पासून जिचं नेतृत्व केलं ती दुसरी शाखा मिसुरीत रुजली. तिने १९८४ मध्ये स्त्रियांना याजकपद खुलं केलं आणि नोव्हेंबर १९८५ मध्ये पहिल्या दीक्षा झाल्या. त्यावरून हजारो सभासद बाहेर पडले. जून २०२५ मध्ये त्या शाखेच्या सर्वोच्च पदावर प्रथमच एक स्त्री बसली.